रीठातली हापशी

मित्रांनो, मी एक जुनी हापशी आहे. शहरातली मुलं मला हातपंप म्हणतात आणि सरकारी कागदावर माझा नुसता नंबर आहे. तुम्ही मात्र हापशीच म्हणा, त्या नावाला मी ओ देते. एक विनंती आधीच करून ठेवते. माझ्या आवाजाला हसू नका. माझा दांडा खाली दाबला की कर्र होतं आणि वर गेला की ठक होतं. फार सुरेल नाही, हे मलाही कळतं. पण या कर्र-ठकवर एका बाईचा जीव टांगलेला होता, आणि तीच गोष्ट मी आज सांगणार आहे.

मी उभी आहे ते हिवरगव्हाण. पातूरहून बार्शीटाकळीकडे येताना डोंगराची कड सुटते आणि काळी जमीन सुरू होते, तिथे हे गाव होतं. होतं म्हणते, कारण आता तिथे मी आहे, एक कडुलिंब आहे आणि भिंती आहेत. ज्या उन्हाळ्यात गावच्या दोन्ही विहिरी कोरड्या पडल्या, त्या उन्हाळ्यात माझा जन्म झाला. अकोल्याहून बोअरची गाडी आली, दोन दिवस घरघरली आणि दोनशे दहा फुटांवर पाणी लागलं. लोकांनी नारळ फोडला, गूळ वाटला. म्हाताऱ्यांनी ओंजळीतून पहिला घोट घेतला आणि म्हणाले, असं गोड पाणी पंचक्रोशीत नाही. मला थोडा गर्व आहे तो तेव्हापासूनचा. मी गंजले, तो काही गंजला नाही.

पुढची वीस-बावीस वर्षं मी बायांच्या हातांत काढली. माणसं एकमेकांना चेहऱ्यानं ओळखतात, मी हातानं ओळखते. कुणाचा हात घाईचा, कुणाचा रागाचा, कुणाचा नव्या नवरीचा, बिचकता. गंमत म्हणजे गावालाही हे हात कानानं पाठ झाले होते. घरात भाकर खात बसलेला माणूस न पाहता सांगायचा, पंजाबरावची सून आली पाण्याला, आज सासूशी वाजलेलं दिसतं. आणि ते खरं निघायचं.

यांतला एक हात जमुनाबाईचा होता. लहानपणी बैलगाडीवरून पडून तिचा उजवा कोपर मोडला होता आणि वैदूनं तो वाकडाच बसवला होता. त्यामुळे ती दोनदा दांडा पुरता दाबायची आणि तिसऱ्यांदा तिचा हात अर्ध्यावर थांबायचा. दोन लांब, एक अर्धा. पुन्हा दोन लांब, एक अर्धा. साऱ्या गावात असा हात दुसरा नव्हता. जमुनाबाई सगळ्यांच्या आधी यायची आणि हंडा भरला तरी लगेच निघायची नाही. माझ्या ओट्यावर टेकायची आणि काहीही न करता बसून राहायची. घरात अकरा माणसं होती, साऱ्या दिवसात तेवढाच वेळ तिचा स्वतःचा होता. एकदा ती आपल्याशीच म्हणाली, "अठी कोनी हाक नाई मारत, बाप्पा." मला त्या वेळी बरं वाटलं होतं.

मग खालच्या ओढ्यावर तलाव बांधायचं ठरलं. खालची आळी पाण्यात जाणार होती आणि वरची राहणार होती, पण अर्धं गाव कसं उठवायचं? म्हणून सगळंच उठलं. दोन किलोमीटरवर, डांबरी रस्त्याच्या कडेला नवं गाव बसलं. लोकांनी दारं नेली, छपराची टिनं नेली, देव नेले. शेवटच्या दिवशी प्रत्येक घरच्या जुन्या बाईनं माझ्यावर एकेक हंडा भरला आणि आपल्या रिकाम्या उंबरठ्यावर ओतला. घर तहानलेलं सोडून जाऊ नये म्हणतात. दुसऱ्या दिवशी माझ्या दांड्याला एकही हात लागला नाही. उठलेल्या गावाला आमच्याकडे रीठ म्हणतात. कालपर्यंत मी गावची हापशी होते, आता रीठातली झाले.

रीठात राहणं कसं असतं, ते सांगून कळायचं नाही. दारं नसलेली घरं दिवसभर माझ्याकडे बघत असायची. उन्हाळ्यात तलाव आटला की खालच्या आळीतल्या चुली गाळातून वर यायच्या, आणि त्यांच्यावरचा गाळ असा गुळगुळीत असायचा की जणू कुणी सकाळीच पोतेरं फिरवलं आहे. भर दुपारी कडुलिंबावरच्या साळुंक्या एकदम गप्प व्हायच्या, पान हलत नसायचं, आणि माझा दांडा आपणहून खाली जायचा आणि सावकाश वर यायचा. वाऱ्यानं असेल, असं मी म्हणायचे. वारा नसला तरी तेच म्हणायचे.

वर्षातून एकदा मात्र गाव परत यायचं. अक्षय्य तृतीयेला, म्हणजे आमच्या अखजीला, गेलेल्या माणसांच्या नावानं पाण्याची घागर भरतात. नव्या गावात नळ आले होते, पण म्हातारे म्हणाले, आपल्या मेलेल्यांना नळाची चव माहीत नाही, त्यांना हापशीचंच पाणी लागतं. म्हणून सकाळी सकाळी लोक घागरी घेऊन यायचे. भरायचे आणि मागे वळून न पाहता निघायचे. तसा नियमच होता. पाठीमागे हापशी वाजली तरी वळायचं नाही, ओ द्यायचा नाही, परत फिरायचं नाही. ज्याचं पाणी तो पितो आहे, असं समजून चालू लागायचं. लेकरांना हे दरवर्षी बजावून सांगत. तुम्हीही हा नियम लक्षात ठेवा, पुढे त्यानंच घात केला.

जमुनाबाई नव्या गावात दोनच वर्षं जगली. ती गेल्यावर तिच्या नावाची घागर भरायला तिचा मुलगा, भगवंतराव, येऊ लागला. मोठा शेतकरी, मिशा पिळलेल्या, पण घागर भरताना तो मान वर करायचा नाही. सगळ्यांत लवकर पाठ फिरवून चालू लागणारा तोच असायचा.

चार वर्षांपूर्वी, दिवाळी झाल्यावर, एक छोटा टेम्पो धूळ उडवत रीठात आला. त्यातून एक बाज उतरली, दोन पेट्या उतरल्या, दोन बकऱ्या उतरल्या आणि पदर खोचलेली, पिकल्या केसांची एक बाई उतरली. ती रागिणी, जमुनाबाईची लेक आणि भगवंतरावांची धाकटी बहीण. अमरावतीला मुलींच्या शाळेत ती तीस वर्षं शिपाई होती. लग्न केलं नाही. निवृत्त झाली आणि सगळे जिथून निघून गेले होते, तिथे राहायला आली. माझ्यासमोरच्या आईच्या घरावर तिनं टिनं टाकली, भिंती लिंपल्या, आणि मग माझ्याकडे आली. सहा महिने मला कुणी हात लावलेला नव्हता. चाळीस वेळा दांडा दाबूनही पाणी चढेना. तिनं सोडलं नाही. शेवटी गंजाचं लाल पाणी आलं, मग गढूळ, मग स्वच्छ. ओंजळ पिऊन ती म्हणाली, "आलं पाहा!" त्या क्षणी मला ती फार आवडली, हे कबूल करते.

तिसऱ्या दिवशी भगवंतराव आले. त्यांचा मुलगा नितेश मोटारसायकल चालवत होता.

"रागिणी, डोकं फिरलं काय वं तुहं?" उतरता उतरताच ते म्हणाले.

"फिरलं होतं. आता ठिकानावर आलं."

"घरात खोली रिकामी हाये. सूनबाई गरम पोळी वाढीन. अन् तू या भुताटकीत राह्यतं? लोक मले काय म्हनतीन?"

"दादा, तीस वर्सं घंटी वाजवली म्या. तासाची, सुट्टीची, प्रार्थनेची. दुसऱ्याच्या घड्याळानं उठली, दुसऱ्याच्या घड्याळानं जेवली. तुह्या घरी आली तं तुह्या घड्याळानं जेवीन. मले आता घड्याळच नोको."

"अन् भेव?"

"मेलेल्याचं काय भेव? जित्तेच विचारतात, कोठी चालली, काहून चालली. मेलेले काई विचारत नाईत."

भगवंतराव खूप बोलले. मग रागावले. मग माझ्या ओट्यावर बसले आणि डोळे पुसले, कारण माणूस वाईट नव्हता. शेवटी त्यांनी एक अट घातली. रीठात मोबाइल लागत नाही, त्यासाठी तलावाच्या भिंतीवर चढावं लागतं. पण माझा आवाज सकाळच्या शांततेत नव्या गावापर्यंत स्पष्ट जातो. "रोज सकाळी, उन्हं अंगनात याच्या आंधी, मले हापशीचा आवाज आला पाह्यजे," ते म्हणाले. "एक दिवस जरी नाई आला, तं ट्रॅक्टर घेऊन येतो अन् तुले बाजेसकट उचलून नेतो. मंग पुन्हा रीठाचं नाव काढाचं नाई."

"कबूल," ती म्हणाली.

ते गेल्यावर तिनं माझ्या डोक्यावर थाप मारली आणि हसली. "घंटी सुटली म्हनून आली, अन् पुन्हा घंटीच गळ्यात पडली."

तीन वर्षं तिनं ही घंटी चुकवली नाही. तिचा हात शाळेच्या घंटेसारखाच होता, एकसारखा, कुठे लांब नाही की आखूड नाही. नव्या गावात लोक त्यावर चहा ठेवायचे. पहिला लोटा ती कडुलिंबाच्या बुडाशी ओतायची आणि म्हणायची, "घ्या." मग तिचा दिवस सुरू व्हायचा. तलावाच्या काठच्या गाळात तिनं वांगी लावली, सांभार म्हणजे कोथिंबीर लावली. भूक लागली की जेवायची, झोप आली की झोपायची, वाटलं तर दिवसभर बोलायची नाही. नव्या गावातल्या बाया म्हणायच्या, तिला रीठ लागलं आहे. त्यांच्यातल्या दोघी-तिघी मात्र भाजी घ्यायच्या निमित्तानं येऊन तास तास बसायच्या आणि जाताना मागे वळून पाहायच्या. नियम तेव्हा कुणाला आठवत नसे.

संध्याकाळी रागिणी माझ्या ओट्यावर काही न करता बसायची. कधी कधी दोन्ही बकऱ्या रवंथ थांबवून ओट्याच्या रिकाम्या बाजूकडे एकटक बघायच्या. मग रागिणी थोडी सरकून बसायची, कुणाला जागा करून द्यावी तशी. मला तिचं नवल वाटायचं आणि माझ्या सळयांमधून खोल पाण्यापर्यंत एक शहारा जायचा. तरीही सांगते, ती वर्षं सुखाची होती.

गेल्या पौषातली गोष्ट. सोमवारी दुपारी रागिणी बकऱ्यांसाठी पाला घेऊन घरात शिरत होती. उंबरठ्याच्या ओल्या दगडावरून तिचा पाय सरकला आणि ती दाराच्या आत पडली. हाड मोडल्याचा आवाज मी इथून ऐकला. तिनं उठायचा प्रयत्न केला आणि किंचाळली. मग तिनं हाका मारल्या. "दादा! दादा रे!" दोन किलोमीटरवर माणसाचा आवाज जात नाही. दिवस मावळेपर्यंत बकऱ्या ओरडत होत्या, मग त्याही थकल्या. मित्रांनो, मी लोखंडाची आहे, जमिनीत दोनशे दहा फूट रुतलेली आहे. पाय नसल्याचं दुःख मला त्या दिवशी पहिल्यांदा झालं.

पण मला एक धीर होता. उद्या सकाळी माझा आवाज जाणार नाही. आवाज गेला नाही की ट्रॅक्टर येणार. तिचं रीठ सुटेल, पण जीव वाचेल. मला फक्त गप्प राहायचं होतं, आणि गप्प राहणं मला चांगलं येतं.

मंगळवारी उजाडलं तेव्हा तलावावरून धुकं आलेलं होतं. साळुंक्या बोलता बोलता थांबल्या. बकऱ्या उठून उभ्या राहिल्या. आणि माझा दांडा खाली गेला.

वाऱ्याची गोष्ट मी या वेळी करणार नाही. पौषात सकाळी माझा दांडा इतका गार असतो की हात चिकटावा. त्या सकाळी तो एका जागी, मुठीएवढ्या जागी, कोमट होता. दोन लांब, एक अर्धा. दोन लांब, एक अर्धा. पाणी तोटीपर्यंत यायच्या आधीच मी तो हात ओळखला. ओट्यावर कुणी नव्हतं. धुक्यात कुणी नव्हतं. पाणी आलं, खाली भांडं नव्हतं, ते ओट्यावरून नालीत उतरलं आणि वाहत गेलं. रोजच्या इतके दाब झाले आणि दांडा थांबला.

आवाज नव्या गावात गेला. ट्रॅक्टर आला नाही.

मला काय झालं ते समजलं आणि मी संतापले. जमुनाबाईला आपली लेक कुणी उचलून न्यायला नको होती. जन्मभर जे मोकळेपण तिला हंडा भरण्यापुरतंच मिळालं, ते लेकीचं कुणी हिरावून घेऊ नये म्हणून ती हापशी वाजवत होती. पण लेक तिथे दारात मरत होती! मी ओरडले असते, पण मला ओरडायलाही दुसऱ्याचा हात लागतो. बुधवारी पुन्हा तेच झालं. धुकं, कोमट मूठ, दोन लांब, एक अर्धा. पुन्हा कुणी आलं नाही. दुपारी घरातून रागिणीचा आवाज आला. ती "माय" म्हणाली, आणि त्यानंतर काही ऐकू आलं नाही.

माझ्या डोक्यात एक साखळी असते. दांडा त्या साखळीनं आतल्या सळयांना जोडलेला असतो. माझ्या साखळीची एक कडी बरीच वर्षं झिजत आलेली होती आणि मी ती जिवापाड सांभाळली होती, कारण ती तुटली की हापशी मेली. गुरुवारी सकाळी दांडा खाली गेला. एक लांब. दुसरा लांब अर्ध्यात असताना मी ती कडी सोडून दिली. धाड असा आवाज झाला, सळया खाली आदळल्या आणि मी मुकी झाले. दांडा तरीही दोन-तीनदा वर-खाली झाला, नुसताच, पाण्यावाचून, आवाजावाचून. कुणीतरी आंधळेपणानं चाचपडावं तसा. मग तो अर्ध्यावर थांबला आणि ती कोमट जागा गार पडली. मी आयुष्यात कुणाचं पाणी तोडलं नव्हतं, ते त्या दिवशी तोडलं.

ऊन वर आलं आणि अर्ध्या तासानं ट्रॅक्टरचा आवाज आला. भगवंतराव आणि नितेश धावत घरात शिरले. नितेश ओरडला, "बाबा, जित्ती हाये आत्या! श्वास चालू हाये!" त्यांनी तिला बाजेवर घालून बाहेर आणलं तेव्हा मला तिचा पदर दिसला. पदराचं टोक चिंब ओलं होतं. माझ्या ओट्याची नाली तिच्या उंबरठ्याला लागून जाते. पडल्या जागेवरून ती पदर नालीत साचलेल्या पाण्यात टाकत होती आणि ओढून घेऊन चोखत होती. दोन दिवस ती माझ्या पाण्यावर जगली होती.

म्हणजे जमुनाबाई नुसती आवाज करत नव्हती, ती लेकीला पाणी पाजत होती. मग मी साखळी तोडली, ते बरोबर केलं की चूक? लोक आले नसते, तर तेवढं पाणीही माझ्यामुळेच गेलं असतं. मी पुष्कळ विचार केला आहे, पण मला आजही ठरवता येत नाही.

अकोल्याला तिच्या खुब्याचं ऑपरेशन झालं. पुढचे अडीच महिने ती भावाच्या घरी होती. त्या काळात मी रीठात अगदी एकटी होते. साळुंक्या गप्प होत नव्हत्या, दांडा हलत नव्हता. ज्या गोष्टीची मला भीती वाटायची, तिचीच मला आठवण येऊ लागली. होळी झाल्यावर श्याम मिस्त्री आला आणि त्यानं मला नवी साखळी बसवली. दुसऱ्या दिवशी ट्रॅक्टरवरून रागिणी उतरली, हातात काठी, तोंड फुगलेलं. मागे भगवंतराव. अटीप्रमाणे तिनं रीठाचं नाव काढायचं नव्हतं. तिनं ते रोज काढलं होतं असं दिसलं.

ती ओट्यावर बसली आणि म्हणाली, "दादा, आता खरं सांग. मंगळवारी मी उठली नाई, बुधवारी उठली नाई. हापशी कोनं वाजवली?"

भगवंतराव तिच्या शेजारी ओट्यावर टेकले. मग म्हणाले, "मायनं."

"तुले माहीत होतं?"

"पह्यल्याच दाबाले समजलं. दोन लांब, एक अर्धा. नितेश म्हने, बाबा, आज आत्याचा हात जड वाटून राह्यला. म्या म्हनलं, थंडी हाये."

"अन् तू आला नाई?"

"ज्याचं पानी तो पितो, रागिणी. वळून पाह्याचं नसते." ते म्हणाले. "अन् मले भेव वाटे. मरताना तिनं हापशीचं पानी मांगतलं होतं. पाऊस लय होता, रस्ता बंद होता. म्या नळाचं देल्लं, अन् म्हनलं, हापशीचंच हाये, माय. तिनं एक घोट घेतला अन् माह्याकडे पाह्यलं. तिले समजलं होतं. तवापासून मले वाटते, ती माह्यावर राग धरून बसली."

रागिणी रडली नाही. "मंग मी मरून गेली असती तरी तू आला नसता," ती म्हणाली.

"दोन दिवस नाई आलो, हे खरं हाये," भगवंतराव म्हणाले. त्यांनी काही लपवलं नाही, एवढं मी त्यांच्या बाजूनं सांगते.

रागिणीनं काठी उचलून माझ्या दांड्यावर आपटली. "आजपासून घंटी बंद. मले वाटंन तवा पानी हापशीन, नाई वाटलं तं नाई. मी जित्ती हाये का मेली हे पाह्याचं असंन, तं पायानं येत जा. कानानं नोको."

"अन् तो दुसरा हात वाजला तं?"

तिनं कडुलिंबाकडे पाहिलं. "तं धावत येजो."

आता मागच्या आठवड्यातलं सांगते. सकाळची वेळ होती, रागिणी घरात झोपलेली होती. साळुंक्या गप्प झाल्या. बकऱ्यांनी माना वळवल्या. माझ्या नव्या साखळीला ताण बसला आणि दांड्यावर मुठीएवढी जागा कोमट झाली. मित्रांनो, मी घाबरले. रागिणीला काही झालं असेल, या विचारानं माझं पाणी तोटीत येता येता थरथरलं. दोन लांब, एक अर्धा. दोन लांब, एक अर्धा. ते थांबेना.

थोड्याच वेळात वाटेच्या वळणावर भगवंतराव दिसले. एकोणसत्तर वर्षांचा माणूस, पायांत चपला नाहीत, धोतराचा सोगा हातात, धापा टाकत पळत होता. रागिणी काठी टेकत दारात आली, डोळे चोळत.

"काय झालं रे दादा? काहून पळून राह्यला?"

"तू... बरी हायेस?"

"मले काय धाड भरली? झोपली होती."

"मायचा हात वाजून राह्यला," ते म्हणाले. आणि तो अजून वाजतच होता. दोघांनी मिळून पाहिलं. दांडा खाली जात होता, वर येत होता, आणि ओट्यावर कुणी नव्हतं.

रागिणी ओट्यापाशी आली. मग हळू आवाजात म्हणाली, "मले नाई बोलावलं तिनं. मी तं अठीच हाये. तुले बोलावलं असंन. दरसाली अखजीले येतं, घागर भरतं अन् पाठ फिरवून पळतं. तिनं तुहं तोंड कधी पाह्याचं?"

भगवंतराव ओट्यावर चढले. माझ्या तोटीखाली त्यांनी दोन्ही हातांची ओंजळ धरली, आणि दांड्याला त्यांनी हात लावला नाही, रागिणीनंही लावला नाही. ओंजळ भरली. ते वाकून प्यायले, घटाघटा, आणि मान वर करून दांड्याच्या मागच्या रिकाम्या जागेकडे बघत म्हणाले, "हापशीचंच हाये, माय." तेव्हा कुठे दांडा थांबला.

मित्रांनो, ज्यांना एकटं राहायचं आहे, त्यांना एकटं राहू द्या. त्यांना बाजेसकट उचलून आणू नका. पण रोज आवाज येतो आहे, म्हणजे सगळं बरं असेल, असं समजून घरी बसूही नका. चपला घाला आणि जाऊन या. माझ्यासारख्या जुन्या हापशा अजून पुष्कळ रीठांत उभ्या आहेत. त्यांच्याजवळून जाताना दांडा आपोआप हलताना दिसला, तर वाऱ्याचं नाव सांगून पुढे निघू नका. जरा थांबा, खाली ओंजळ धरा. कुणीतरी तुमच्यासाठीच पाणी काढत असेल.